आसुकाच्या बायका आणि काळी बुरशी: ताकामात्सुझुका थडग्याची गोष्ट

आजची गोष्ट आल्यापासून सुरू होते. आलं म्हणजे आपण चहात किसून घालतो तेच.

१९६२ च्या आसपासची गोष्ट. जपानमध्ये नारा प्रांतात आसुका नावाचं खेडं आहे. तिथला एक गावकरी आलं साठवून ठेवायला टेकाडाच्या पोटात खड्डा खणत होता. खणता खणता दगड लागला. बरं, दगड लागणं यात नवल काही नाही, पण हा दगड तासलेला होता. सरळ धारेचा, चौकोनी. जमिनीत असा दगड आपोआप येत नाही, हे कुठल्याही शेतकऱ्याला कळतं. बातमी गावात पसरली, आणि मग दहा वर्षं काहीही झालं नाही. पुरातत्त्वाच्या गोष्टींत ही मधली दहा वर्षं कुणी सांगत नाही, पण असतात ती. पैसे नसतात, माणसं नसतात, दुसरं काही जास्त घाईचं असतं.

या टेकाडाचं नाव ताकामात्सुझुका. ताकामात्सु म्हणजे उंच पाइन वृक्ष आणि झुका म्हणजे मातीचा उंचवटा. पूर्वी त्याच्या माथ्यावर मोठं पाइनचं झाड होतं, त्यावरून पडलेलं हे नाव. आपल्याकडे नाही का, वडाचा माळ, चिंचेची वाडी, तसंच. झाड जातं, नाव राहतं.

आता थोडं मागे जाऊ, कारण जपानी थडग्यांबद्दल आपण या कार्यक्रमात आधी कधी बोललेलो नाही.

जपानी भाषेत या टेकाडांना कोफुन म्हणतात. तिसऱ्या शतकाच्या मध्यापासून सातव्या शतकापर्यंत तिथले राजे, सरदार, स्थानिक बडी मंडळी स्वतःसाठी मातीचे डोंगर उभारून घेत होती. जपानभर अशी सुमारे १ लाख ६० हजार थडगी मोजली गेली आहेत. सगळ्यांत मोठं साकाइ शहरातलं दाइसेन कोफुन. ४८६ मीटर लांब, भोवती तीन खंदक, आणि वरून पाहिलं तर जुन्या कुलपाच्या भोकासारखा आकार. सम्राट निंतोकुचं थडगं म्हणून ते सांभाळलं जातं. गंमत अशी, की जपानमधली जी थडगी राजघराण्याची मानली जातात, ती सगळी राजघराण्याचा कारभार पाहणाऱ्या खात्याकडे आहेत आणि तिथे संशोधकांना उत्खनन करू देत नाहीत. पूर्वजांची विश्रांती मोडायची नाही, हे कारण. म्हणजे सगळ्यांत मोठी, सगळ्यांत महत्त्वाची थडगी बंद, आणि पुरातत्त्वज्ञांच्या वाट्याला उरलीसुरली.

आणि इथे आपलं टेकाड येतं. एदो काळात, म्हणजे आपल्याकडे मराठेशाही होती त्या सुमाराला, ताकामात्सुझुका हे सम्राट मोम्मुचं थडगं असावं असं मानत होते. पुढे मेइजी काळात सरकारने मोम्मुचं थडगं म्हणून जवळचंच दुसरं टेकाड ठरवलं. कागदावरची एवढीशी फिरवाफिरव. ती झाली नसती तर ताकामात्सुझुकाला कुंपण पडलं असतं आणि आत काय आहे ते आजही कुणाला कळलं नसतं. हे चांगलं झालं की वाईट, याचं उत्तर मला आजच्या भागाच्या शेवटापर्यंत मिळेल असं वाटलं होतं. बघू.

सातव्या शतकात ही थडगी लहान होत गेली. बौद्ध धर्म आला होता, देवळं बांधण्यात प्रतिष्ठा होती. ६४६ साली कोणत्या दर्जाच्या माणसाचं थडगं केवढं असावं, किती मजूर लावावेत, यावर राजाज्ञाच निघाली. ताकामात्सुझुका त्यानंतरचं, सातव्या शतकाच्या अगदी शेवटचं किंवा आठव्याच्या सुरुवातीचं. दोन पायऱ्यांचं गोल टेकाड. खालच्या पायरीचा व्यास २३ मीटर, वरचीचा १८, उंची ५ मीटर. दाइसेनपुढे हे म्हणजे वारूळच.

१९७२ च्या मार्चमध्ये गावाचा इतिहास लिहायचं काम चाललं होतं, त्या निमित्ताने इथे उत्खनन सुरू झालं. काशिहारा पुरातत्त्व संशोधन संस्थेचे प्रमुख सुएनागा मासाओ हे वडीलधारे, आणि प्रत्यक्ष जागेवर कान्साइ विद्यापीठाचे आबोशी योशिनोरी. आबोशी मूळचे आसुकाचेच, त्याच मातीत वाढलेले. हाताशी विद्यापीठातली मुलं. (या आबोशींचा आपल्याशीही संबंध आहे. पुढे १९८६ पासून त्यांनी भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाबरोबर श्रावस्तीला, जेतवनात उत्खनन केलं. बुद्धाने अनेक पावसाळे जिथे काढले ते जेतवन.)

२१ मार्चला दुपारी दगडी कोठडीच्या दक्षिण बाजूला एक भोक सापडलं. चोरांचं भोक. आपल्या मंडळींच्या आधी, साधारण कामाकुरा काळात, म्हणजे काही शतकं आधी, चोर आत जाऊन आले होते. आत डोकावल्यावर पहिली भावना बहुधा निराशेचीच झाली असेल, कारण आत सगळा चिखल आणि विस्कटलेलं सामान. मग उजेड भिंतीवर पडला.

कोठडी किती मोठी? लांबी २ मीटर ६५ सेंटिमीटर, रुंदी १ मीटर ३ सेंटिमीटर, उंची १ मीटर १३. म्हणजे घरातली एक लोखंडी कॉट ठेवली की जागा संपली, आणि माणसाला उभं राहता येणार नाही. सोळा तासलेल्या दगडांची ही पेटी. खाली चार, वर चार, पूर्वेला तीन, पश्चिमेला तीन, उत्तरेला एक, दक्षिणेला एक. दगड ज्वालामुखीच्या राखेचा, मऊ, घडवायला सोपा. त्यावर जेमतेम काही मिलिमीटर जाडीचा चुन्याचा गिलावा. आणि त्या गिलाव्यावर चित्रं.

पूर्व आणि पश्चिम भिंतीवर माणसांचे घोळके. प्रत्येक भिंतीवर चार पुरुष आणि चार बायका, असे एकूण सोळा. पूर्वेला निळा ड्रॅगन आणि त्याच्या वर सूर्य. पश्चिमेला पांढरा वाघ आणि वर चंद्र. उत्तरेला कासव आणि त्याला वेढे घालणारा साप. चिनी परंपरेतले हे चार दिशांचे रक्षक. दक्षिणेला लाल पक्षी असायला हवा, पण चोरांनी भोक पाडलं ते नेमकं तिथेच, त्यामुळे पक्षी गेला. छतावर तारे. सोन्याच्या पत्र्याच्या बारीक टिकल्या, तांबड्या रेघांनी जोडलेल्या. मधोमध ध्रुवाभोवतीचे तारे आणि चारही कडांना चंद्राचे २८ मुक्काम. चीनचे २८ मुक्काम आणि आपली नक्षत्रं एकच नव्हेत, पण कल्पना भावंडांसारखी आहे. मेलेल्या माणसाला वर पाहिल्यावर आकाश दिसावं, ही इच्छा मात्र कुठल्याही भाषांतराशिवाय कळते.

सगळ्यांत गाजल्या त्या पश्चिम भिंतीवरच्या चार बायका. पिवळा, लाल, हिरवा असे वेगवेगळ्या रंगांचे लांब अंगरखे, खाली चुण्यांचे पट्टेदार घागरे. हातात लांब दांड्याचा गोल पंखा. तोंडं गोल, गाल भरलेले, आणि उभ्या अशा की एकमेकींशी काहीतरी बोलत बोलत निघाल्यात. रांगेत कवायत नाही, एक पुढे, एक मागे, एकीचं तोंड दुसरीकडे. पुरुषांच्या हातात छत्र, घडीची बैठक, चेंडूफळीच्या खेळाची काठी. एखाद्या बड्या माणसाची स्वारी निघाली की नोकरचाकर जे जे घेऊन मागे चालतात, ते सगळं.

हे नुसतं शोभेचं चित्र नाही. ७०१ सालच्या नववर्षाच्या दरबाराचं वर्णन जपानच्या जुन्या राजकीय बखरीत आहे. शोकु निहोंगी तिचं नाव. त्या दिवशी दरबाराच्या दारापुढे डावीकडे सूर्याचं, निळ्या ड्रॅगनचं आणि लाल पक्ष्याचं निशाण, उजवीकडे चंद्राचं, कासवाचं आणि पांढऱ्या वाघाचं निशाण उभारलं होतं. म्हणजे जो दरबार आयुष्यभर पाहिला, तोच माणसाच्या शेवटच्या खोलीत रंगवला. घागरे पाहून कोरियातल्या कोगुर्यो राज्याच्या थडग्यांतली चित्रं आठवतात, आरसा चीनच्या तांग घडणीचा, आणि हात बहुधा जपानमध्ये स्थायिक झालेल्या परदेशी चित्रकारांच्या परंपरेतले. तेव्हाचं आसुका आणि शेजारची फुजिवारा ही राजधानी म्हणजे अशी सरमिसळ होती.

आरशाचं एक सांगतो, मला ते फार आवडतं. थडग्यात ब्राँझचा एक आरसा मिळाला, मागे द्राक्षाच्या वेली आणि प्राणी. चोरांच्या नजरेतून कसा सुटला कोण जाणे. चीनमध्ये शिआनजवळ ६९८ साली पुरलेल्या एका अधिकाऱ्याच्या थडग्यात याच्याशी तंतोतंत जुळणारा आरसा सापडला आहे, एकाच साच्यातले शोभावेत असे. जपानचा राजदूतांचा तांडा ७०२ साली चीनला गेला आणि ७०४ साली त्यातले प्रमुख परत आले. आरसा त्यांच्याबरोबर आला असावा, असा बऱ्याच अभ्यासकांचा अंदाज. तसं असेल तर थडगं ७०४ च्या नंतरचं.

मग आत होता कोण? हाडं मिळाली ती प्रौढ, धडधाकट पुरुषाची. कवटी नाही. चोरांनी विस्कटताना गेली की आणखी काही, यावर जपानमध्ये कादंबऱ्या लिहाव्यात इतक्या चर्चा झाल्या. ७०५ साली वारलेला राजपुत्र ओसाकाबे, राजपुत्र ताकेची, राजपुत्र युगे, मंत्री इसोनोकामी नो मारो, अशी नावं पुढे येतात. नाव कोरलेला दगड नाही, त्यामुळे प्रत्येकाचा आपला उमेदवार. माझा कुणीच नाही.

१९७२ च्या मार्चअखेरीस वर्तमानपत्रांत या चित्रांचे रंगीत फोटो आले आणि जपानला वेड लागलं. त्याच्या मागे एक जुनी जखम होती, ती सांगितल्याशिवाय पुढचं नीट कळणार नाही.

आसुकाच्या उत्तरेला होर्यूजी मठ आहे. जगातल्या सर्वांत जुन्या लाकडी इमारतींपैकी काही तिथे आहेत. त्याच्या मुख्य मंदिरात सातव्या शतकाच्या अखेरीची भित्तिचित्रं होती, बोधिसत्त्वांची, आणि ती बघितली की आपल्याला अजिंठाच आठवतो. हे मी मराठी माणूस म्हणून म्हणत नाही, जपानी विद्वानांनाही तसंच वाटत होतं. म्हणून तर १९१७ च्या सुमारास आराइ काम्पो आणि त्यांचे सहकारी चित्रकार अजिंठ्याला येऊन राहिले, लेण्यांत बसून चित्रांच्या नकला केल्या. त्या नकला टोकियो विद्यापीठात ठेवल्या होत्या आणि १९२३ च्या भूकंपानंतरच्या आगीत जळाल्या. आणि २६ जानेवारी १९४९ ला होर्यूजीची मूळ चित्रंही जळाली. तेव्हा तिथे नकला करायचं, दुरुस्तीचं काम चालू होतं. म्हणजे जतनाचं काम चालू असतानाच नाश. त्या धक्क्यातून १९५० साली जपानमध्ये सांस्कृतिक वारशाच्या रक्षणाचा कायदा झाला.

त्या देशाला तेवीस वर्षांनी त्याच काळातली, रंग ताजे असलेली चित्रं एका टेकाडात मिळतात. कल्पना करा. टपाल खात्याने १९७३ साली तिकिटं काढली, त्यावर पाच येन जास्त घेऊन जतनासाठी निधी गोळा केला. त्याच वर्षी टेकाडाला विशेष ऐतिहासिक स्थळाचा दर्जा, १९७४ साली चित्रांना राष्ट्रीय संपत्तीचा दर्जा. या वेळी चूक करायची नाही, असा सगळ्यांचा निश्चय होता.

काय करायचं, याबद्दल दोन मतं होती. चित्रं काढून संग्रहालयात न्यायची, की जिथे आहेत तिथेच ठेवायची. फ्रान्समध्ये लास्कोच्या गुहेचं उदाहरण समोर होतं. पर्यटकांच्या श्वासाने आणि दिव्यांनी शेवाळ वाढलं म्हणून १९६३ साली ती गुहा बंद करावी लागली होती. म्हणून ठरलं, जागेवरच ठेवायचं, लोकांना आत सोडायचं नाही. लोकांसाठी शेजारी प्रतिकृतींचं संग्रहालय. आणि कोठडीच्या तोंडाशी, जमिनीखाली, १९७६ साली एक यंत्रखोली बांधली. तिथून हवेचं तापमान आणि ओलावा सांभाळायचा, आणि जतन करणाऱ्यांनी तिथून आत-बाहेर करायचं.

आता इथे थांबून एक गोष्ट लक्षात घ्या. ही चित्रं हजार-बाराशे वर्षं टिकली ती का? कोठडीवर मातीचे पातळ थर, एकेक थर ठोकून ठोकून घट्ट केलेला. आपल्याकडे धाब्याच्या घराची माती चोपतात तशी, पण कितीतरी पटीने दाट. आत अंधार, गारवा, जवळपास पूर्ण ओलावा, आणि हवा हलत नाही. चोर येऊन गेले, तरी भोक पुन्हा मातीने भरलं आणि आतलं जग परत स्वस्थ झालं. १९७२ साली आपण ते उघडलं. माणूस आत गेला की त्याच्याबरोबर ऊब जाते, श्वास जातो, कपड्यांवरचे बुरशीचे कण जातात. आणि कोरडं करावं म्हटलं तर गिलावा पोपडे होऊन गळतो. ओलं ठेवलं तर बुरशी, सुकवलं तर पोपडे. मधली वाट फारच अरुंद.

गिलावा सुटू नये म्हणून त्यात कृत्रिम राळ भरली. १९८० च्या आसपास बुरशीचा मोठा उद्रेक झाला, तेव्हा विषारी धुरी दिली, हाताने बुरशी पुसली. थोडं निवळलं. पण बुरशी मेली की तिचे अवशेष भिंतीवर राहतात, ते खायला किडे येतात, किडे मेले की त्यांच्यावर नवी बुरशी. त्या इवल्याशा खोलीत एक अख्खं जंगल उभं राहिलं होतं, आणि ते जपणारे लोक दर खेपेला आत जाऊन त्याला थोडं खतपाणीच घालत होते. हे मी कुत्सितपणे म्हणत नाही. ती माणसं कोठडीत अंग चोरून, वाकून, तासन्‌तास कापसाच्या बोळ्याने काम करत होती.

खरं बिघडलं ते २००१ साली. यंत्रखोली आणि कोठडी यांच्या मधल्या भागातली माती ढासळत होती, ती दुरुस्त करायचं काम निघालं. या कामात बुरशीची पुरेशी काळजी घेतली गेली नाही. संरक्षक कपडे घालायचा नियम होता, तोही पाळला गेला नाही. लवकरच त्या भागात बुरशी फोफावली आणि वर्ष संपायच्या आत कोठडीत पसरली. हिरवी, पांढरी, आणि पुढे काळी. काळी बुरशी वाईट, कारण तिचा डाग पुसला तरी राहतो.

जानेवारी २००२ मध्ये आत काम चालू असताना पश्चिम भिंतीवरच्या पुरुषांच्या चित्राला इजा झाली. गिलाव्याचा टवका उडाला. आणि ती जखम तिथल्याच मातीच्या रंगाने झाकून टाकली. बाहेर कुणाला सांगितलं नाही. चार वर्षं.

दरम्यान २००४ साली सांस्कृतिक व्यवहार खात्याने स्वतःच चित्रांच्या नव्या फोटोंचं देखणं पुस्तक काढलं. लोकांनी १९७२ चे फोटो शेजारी ठेवून पाहिले, आणि पांढरा वाघ दिसेना. रेषा इतक्या पुसट झालेल्या की वाघ आहे हे माहीत असेल तरच दिसावा. तोवर जनतेची समजूत होती की आत सगळं ठीक आहे. वर्तमानपत्रांनी प्रकरण लावून धरलं. २००६ साली ती लपवलेली जखमही उघड झाली. खात्याचे तेव्हाचे प्रमुख कावाइ हायाओ, जे मुळात जपानमधले फार नावाजलेले मानसशास्त्रज्ञ होते, त्यांना माफी मागावी लागली.

मला या सगळ्या प्रकरणात बुरशीपेक्षा त्या चार वर्षांच्या गप्प बसण्याचाच जास्त राग येतो. बुरशी तिचं काम करत होती. टवका कुणाच्याही हातून उडू शकतो. पण ती चित्रं बंद खोलीत होती, तिथे जाणारे मोजके लोक म्हणजे बाकीच्या सगळ्यांचे डोळे होते. डोळ्यांनीच पाहिलेलं सांगायचं नाही ठरवलं, तर बाहेरच्याने काय करायचं?

माझ्या घरचा एक किस्सा सांगतो, किरकोळ आहे. आजोबा-आजींच्या लग्नाचा एकच फोटो आमच्याकडे होता. कडा कुरतडलेल्या, मधे घडी पडलेली. मी कॉलेजात असताना मोठ्या प्रेमाने तो एका दुकानात नेऊन लॅमिनेट करून आणला. आजी खूश झाली. चार पावसाळ्यांनी प्लॅस्टिकच्या आत तपकिरी ढग दिसायला लागले. सोलून काढायला गेलो तर आजोबांचा चेहरा प्लॅस्टिकबरोबर आला. ते मी आजीला सांगितलं नाही. फोटो कपाटात ठेवलाय म्हणालो. तेव्हा आसुकाच्या लोकांवर मी किती चिडावं, हा माझाच प्रश्न आहे.

आणि अजिंठ्याचं काय झालं? १९२० साली निजाम सरकारने मोठा खर्च करून इटलीहून चेक्कोनी आणि ओर्सिनी हे दोन तज्ज्ञ आणले. त्यांनी सुटणारा गिलावा घट्ट बसवला, ते काम मोलाचं होतं. पण चित्रांवर लाखेचं वॉर्निश दिलं, ते पुढे पिवळं पडलं, धूळ धरून बसलं, आणि नंतरच्या रसायनतज्ज्ञांना कित्येक वर्षं ते उतरवत बसावं लागलं. तेही त्या काळातलं उत्तमातलं उत्तम ज्ञान होतं.

तर आसुकाकडे परत. २००५ च्या जूनमध्ये तज्ज्ञांच्या समितीने निर्णय घेतला, की कोठडीच उकलायची. चित्रं दगडांसकट बाहेर काढायची. याला खूप विरोध झाला, आणि तो समजण्यासारखा होता. थडगं म्हणजे चित्रं, दगड, माती, जागा, सगळं मिळून. चित्रं वाचवण्यासाठी थडगंच मोडायचं, ही कसली जतनाची रीत? शिवाय गावाचं म्हणणं, आमचं ते आमच्या जमिनीत राहू दे. पण बुरशी थांबत नव्हती. आधी टेकाडात गार पाण्याचे नळ घालून अख्खी माती थंड केली, बुरशीचा वेग कमी व्हावा म्हणून. मग टेकाडावर बंदिस्त छप्पर उभारलं, आत दहा अंश तापमान आणि ९० टक्के ओलावा. थरावर थर मोजत माती उतरवली.

माती उतरवताना एक गोष्ट कळली. टेकाडात जागोजाग भेगा होत्या, जुन्या मोठ्या भूकंपांच्या. त्या भेगांतून पाणी झिरपत होतं, मुळं शिरली होती, किडे ये-जा करत होते. म्हणजे १९७२ साली उघडलं नसतं तरी हे थडगं अभेद्य नव्हतंच. किती वर्षं टिकलं असतं, ते कुणी सांगावं? दोष माणसांचा की भूकंपाचा, हा हिशोब त्या भेगांनी जरा किचकट करून ठेवला.

५ एप्रिल २००७ ला पहिला दगड उचलला, छताचा. हे काम नाराचे दगडकामाचे कारागीर सानो कात्सुजी यांच्याकडे होतं. ईस्टर बेटावरचे पडलेले पुतळे परत उभे करायच्या कामातही ते होते. प्रश्न असा, की टनाच्या घरातलं वजन, मऊ आणि तडे गेलेला दगड, आतल्या बाजूला काही मिलिमीटरचा गिलावा, आणि त्या गिलाव्यावर देशाची राष्ट्रीय संपत्ती. पकडायचं कुठे? दोर लावला तर कड तुटेल, खालून हात घातला तर चित्र जाईल. खास पकडी बनवल्या. आधी हुबेहूब नकली कोठडी बांधून तिच्यावर सराव केला. मग एकेक दगड, काही ठिकाणी बोटांच्या पेरांनी मोजावं इतका हळू. एप्रिलपासून २१ ऑगस्टपर्यंत, सोळा दगड. जवळच्या उद्यानात बांधलेल्या दुरुस्तीच्या इमारतीत ते रांगेने आडवे ठेवले, चित्र वर करून. बाराशे वर्षं उभ्या असलेल्या त्या बायका पहिल्यांदा आडव्या झाल्या.

आबोशी हे पाहायला नव्हते. ते आदल्या वर्षी, २००६ साली वारले.

पुढची तेरा वर्षं साफसफाई. विकरांनी, म्हणजे आपल्या पोटात अन्न पचवणाऱ्या द्रव्यांसारख्या द्रव्यांनी, बुरशीचा चिकट थर विरघळवायचा, अतिनील किरणांचा मारा करायचा, मग बारीक हत्याराने उचलायचं. मार्च २०२० मध्ये काम संपल्याचं जाहीर झालं. बायकांचे चेहरे बरेच उजळले. काळे डाग काही ठिकाणी गेले नाहीत. पांढऱ्या वाघाच्या रेषा जेवढ्या उरल्या होत्या तेवढ्याच आहेत, कारण गेलेला रंग कुणी परत आणू शकत नाही, आणि नवा भरायचा नाही असं ठरलेलं आहे. हे ठरवणं मला फार योग्य वाटतं. परत थडग्यात ठेवायचा मूळ विचार होता, तोही २०१४ साली बाजूला ठेवला. आत बुरशी होणार नाही अशी हमी देणारं तंत्र आजही नाही.

जवळच किटोरा नावाचं दुसरं चित्रांचं थडगं आहे. तिथे १९८३ साली शहाणपणाने आधी फक्त बारीक नळीचा कॅमेरा आत घातला, भिंतीवर कासव दिसलं, आणि ते पुढची पंधरा वर्षं तसंच बंद राहू दिलं. तरी अखेर तिथलाही गिलावा भिंतीवरून सोलून काढावाच लागला. त्याच्यावर मी वेगळा भाग करणार आहे, कारण तिथलं छतावरचं आकाश हा दोन तासांचा विषय आहे.

मी आसुकाला गेलो होतो तो नोव्हेंबर होता. स्टेशनबाहेर सायकल भाड्याने मिळते. भातकापणी झालेली, शेतात पेंढ्या, दारोदारी पिकलेली पर्सिमॉनची झाडं. कोकणात भातकापणीनंतर येतो तसाच वास. ताकामात्सुझुकाचं टेकाड आता परत मूळ आकारात रचलंय, दोन पायऱ्यांचं, वर हिरवं गवत. अगदी सुबक. मी त्याच्यासमोर दहा मिनिटं उभा राहिलो आणि खरं सांगू, मला काहीच वाटलं नाही. आत कुणी नाही हे माहीत होतं. शेजारच्या संग्रहालयात प्रतिकृती पाहिल्या. तिथे दोन शाळकरी मुली त्या चार बायकांसारख्या उभ्या राहून फोटो काढत होत्या, एक पुढे, एक मागे, आणि त्यातली एक दुसरीला सांगत होती की तू तोंड तिकडे कर. तेव्हा मात्र वाटलं.

मूळ दगड वर्षातून काही वेळा, आधी अर्ज केला तर, काचेपलीकडून थोडी मिनिटं पाहायला मिळतात. मी गेलो तेव्हा ते दिवस नव्हते. टेकाडाजवळच त्यांच्यासाठी नवी इमारत बांधायचं घाटतंय. ती झाली की परत जायचा विचार आहे, आणि या वेळी अर्ज आधी करणार.

चला, थांबतो. किटोराचा भाग पुढच्या महिन्यात. तुमच्यापैकी कुणी आसुकाला जाऊन मूळ चित्रं पाहिली असतील तर मला नक्की कळवा, विशेषतः वाघ दिसला का ते.